दहाचं की पाचचं? रायफलचं मॅगझिन निवडण्याआधी

मॅगझिनचा, म्हणजे रायफलला खालून लावायच्या काडतुसांच्या डब्याचा, विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला असतो: किती राउंड (काडतुसं) मावतात? नेरूळला राहणाऱ्या माझ्या भाच्याने क्लबमध्ये .२२ रायफल हातात घेतल्यापासून हेच टुमणं लावलंय. "मामा, दहाचं घेऊ की पाचचं?" मी उलट विचारतो, रायफल कोणती, काडतूस किती लांबीचं, मॅगझिन अडकवायची जागा कोणत्या घडणीची? मग तो वैतागतो. त्याला आकडा हवा असतो. पण बोल्ट-अ‍ॅक्शन रायफलच्या, म्हणजे प्रत्येक बारानंतर बोल्ट (मागचा दांडा) हाताने मागे-पुढे करायच्या रायफलच्या, बाबतीत आकडा हा सगळ्यात शेवटी विचारायचा प्रश्न आहे. आधीच्या तीन प्रश्नांची उत्तरं मिळाली की तो बहुतेक वेळा आपोआपच सुटतो.

अचूक नेमबाजीच्या रायफलची चर्चा नेहमी बॅरल, ट्रिगर आणि दुर्बिणीभोवती फिरते. मॅगझिन म्हणजे खाली लटकणारा एक डबा. त्याच्याकडे लक्ष जातं ते राउंड अडकला की. नेमबाज पोटावर पडून, गाल स्टॉकला टेकवून, श्वास जुळवून बसलेला असतो. बोल्ट पुढे ढकलावा तर मध्येच अडतो. मग मान उचला, खाली बघा, काडतूस बोटाने काढा. तेवढ्यात शरीराची बैठक मोडते आणि ती पुन्हा पहिल्यासारखी जमायला वेळ लागतो. पुढचा नेम चुकला तर नाव वाऱ्याचं होतं.

डब्यात नेमकं काय घडतं ते एकदा सावकाश पाहू. मॅगझिनमध्ये चार गोष्टी असतात: बाहेरचा डबा, तळाची बेसप्लेट, तिच्यावर उभी स्प्रिंग आणि स्प्रिंगच्या डोक्यावर फॉलोअर नावाची पट्टी. काडतुसं फॉलोअरवर एकावर एक बसतात. डब्याच्या वरच्या दोन कडा आत वळलेल्या असतात. त्यांना सगळे लिप्स म्हणतात. स्प्रिंग खालून ढकलते, लिप्स वरून अडवतात, आणि सगळ्यात वरचं काडतूस त्या दोघांच्या मध्ये दाबून धरलेलं राहतं.

आता बोल्ट मागे ओढा. रिकामी केस (काडतुसाचं पितळी नळकांडं) बाहेर उडते, बोल्टचं तोंड वरच्या काडतुसाच्या मागे जातं आणि थप्पी किंचित वर सरकते. बोल्ट पुढे ढकलला की त्याच्या तोंडाची खालची कड काडतुसाच्या बुडाला वरच्या बाजूने लागते. ही पकड नखाएवढी असते, जेमतेम मिलिमीटर-दीड मिलिमीटरची. तेवढ्या पकडीवर काडतूस पुढे सरकतं, गोळीचं टोक उतारावर चढतं, चेंबरच्या (बॅरलच्या मागच्या, काडतूस बसायच्या पोकळीच्या) तोंडात शिरतं आणि एका ठरावीक क्षणी मागचं बूड लिप्समधून सुटून वर येतं. बूड कधी सुटतं यावरच सगळा खेळ आहे. लिप्स जरा जास्त फाकलेले असतील तर ते लवकर सुटतं आणि टोक वर उडून चेंबरच्या वरच्या कडेवर आपटतं. लिप्स जरा जास्त आवळलेले असतील किंवा मॅगझिन पुरेसं वर बसलेलं नसेल तर बोल्टची कड काडतुसाच्या वरून घसरून जाते. बोल्ट बंद होतो, ट्रिगर ओढल्यावर फक्त टक् असा आवाज येतो. चेंबर रिकामंच असतं.

बोल्टचीही दोन घराणी आहेत. १८९८ च्या माउझरमध्ये काडतुसाचं बूड वर येतानाच एक्स्ट्रॅक्टरच्या (केस ओढून बाहेर काढणाऱ्या आकड्याच्या) लांब नखाखाली सरकतं आणि तिथून पुढे ते बोल्टच्या ताब्यात असतं. १९६२ साली बाजारात आलेल्या रेमिंग्टन ७०० मध्ये काडतूस बोल्टच्या पुढे नुसतं ढकललं जातं आणि एक्स्ट्रॅक्टर त्याला पकडतो तो बोल्ट बंद होताना. आजच्या बऱ्याचशा अचूक रायफली या दुसऱ्या घराण्यातल्या किंवा तिच्या मापांवर बेतलेल्या आहेत. अशा रायफलमध्ये वाटेतल्या काही सेंटिमीटरांत काडतुसाला कुणीच धरलेलं नसतं. मॅगझिनने त्याला ज्या कोनात आणि ज्या उंचीवर सोडलं, त्यावरच ते चेंबरपर्यंत पोचतं. म्हणून मॅगझिनचं खरं काम साठवण नाही. प्रत्येक काडतूस त्याच उंचीवर, त्याच कोनात, त्याच क्षणी बोल्टच्या हाती देणं हे त्याचं काम आहे.

मग पहिला प्रश्न काडतुसाच्या लांबीचा. .३०८ विंचेस्टर हे १९५२ चं काडतूस, त्याची प्रमाणित कमाल लांबी ७१.१ मिलिमीटर. २००७ मध्ये आलेलं ६.५ क्रीडमूर ७१.८ मिलिमीटरचं. ही दोन्ही शॉर्ट अ‍ॅक्शनची, म्हणजे बोल्ट ज्या सांगाड्यात सरकतो तो आखूड असलेल्या रायफलची, काडतुसं आहेत. .३०-०६ आणि .३०० विंचेस्टर मॅग्नम यांची कमाल लांबी ८४.८ मिलिमीटर, म्हणून त्यांना लाँग अ‍ॅक्शन लागते आणि मॅगझिनही लांब. .३०८ ला लाँग अ‍ॅक्शनचं मॅगझिन चालेल का, असं काही जण विचारतात. त्यात ते आरामात मावेल, पण पुढे-मागे खेळत राहील. प्रत्येक बारच्या धक्क्याला आतली काडतुसं पुढच्या भिंतीवर आपटतील आणि टोकं चेपतील. शिवाय त्या लांब रायफलचा बोल्टही लांब पल्ल्याचा असतो.

शॉर्ट अ‍ॅक्शनच्या मॅगझिनमध्ये आतली लांबी साधारण ७२ ते ७५ मिलिमीटर असते. हे दोन-तीन मिलिमीटर कुणाला क्षुल्लक वाटतील, पण परदेशात स्वतः काडतुसं भरणारे नेमबाज गोळी केसमधून जरा पुढे काढून बसवतात, म्हणजे ती रायफलिंगच्या (बॅरलच्या आतल्या पिळदार खाचांच्या) जवळून सुटते. त्यांचा सगळा हिशेब या जागेवर अडतो. काही .३०८ च्या मॅगझिनमध्ये पुढच्या भिंतीला आतून एक जास्तीची पट्टी असते. ती असली की जागा कमी, ती नसलेल्या मॅगझिनमध्ये जागा जास्त. एकाच कंपनीच्या दोन मॅगझिनमध्ये सुद्धा हा फरक सापडतो. आपल्याकडे बहुतेक नेमबाज कारखान्यात भरलेलीच काडतुसं वापरतात, त्यामुळे प्रमाणित लांबी मावली की पुरे. त्यासाठी उगाच महागड्या मॅगझिनच्या मागे धावायचं कारण नाही.

लांबीच्या जोडीला बुडाची जाडी बघायची. .३०८ आणि ६.५ क्रीडमूर यांची बुडं सारखीच, साधारण १२ मिलिमीटरची, म्हणून दोघांना एकच मॅगझिन चालतं. .२२३ चं बूड ९.६ मिलिमीटरचं. ते .३०८ च्या मॅगझिनमध्ये टाकलं तर लिप्समधून उडूनच बाहेर येईल. आणि .३०० विंचेस्टर मॅग्नमचं बूड पट्ट्यासकट साडेतेरा मिलिमीटर. ते आत गेलं तरी नीट बसणार नाही. त्यामुळे मॅगझिनवर काय लिहिलंय ते न बघता "शॉर्ट अ‍ॅक्शनचं आहे, चालेल" असं म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नका.

दुसरा प्रश्न कुळाचा. वरचं काडतूस मधून बाहेर येतं की एकदा डावीकडून आणि एकदा उजवीकडून? मधून देणाऱ्या मॅगझिनमध्ये काडतूस चेंबरच्या अगदी रेषेत असतं, त्यामुळे ते सरळ आत जातं. डाव्या-उजव्या बाजूने देणारं मॅगझिन दोन रांगांत भरलेलं असल्यामुळे तेवढेच राउंड कमी उंचीत बसवतं, पण प्रत्येक काडतूस किंचित तिरकं चेंबरकडे जातं आणि रायफलची आतली घडणही त्यासाठी तशीच लागते. तिसरा प्रकार म्हणजे खाली दोन रांगा आणि वर एकच तोंड. ठाणे स्टेशनच्या दोन फलाटांवरची गर्दी एका अरुंद जिन्यावर येते तेव्हा वरच्या पायरीवर जे होतं, तेच इथे अरुंद होणाऱ्या जागेत होतं. घासणं वाढतं, म्हणून त्या भागाची घडण चांगली नसेल तर तिथेच काडतुसं कुरकुरतात.

बोल्ट रायफलच्या जगात मधून देणाऱ्या मॅगझिनचं सगळ्यात पसरलेलं कुळ म्हणजे एआयसीएस. मूळ घडण इंग्लंडमधल्या अ‍ॅक्युरसी इंटरनॅशनल या कंपनीची. आज अनेक कंपन्या याच मापाची मॅगझिनं बनवतात, आणि बाजारातले कितीतरी चासी (रायफलचे धातूचे सांगाडे) आणि बॉटम मेटल (मॅगझिन बसायची खालची चौकट) त्याच मापावर बेतलेले असतात. त्याच कंपनीचं दुसरं कूळ म्हणजे एडब्ल्यू, ते डाव्या-उजव्या बाजूने देणारं आणि तेवढ्याच राउंडसाठी उंचीने कमी. नावं जवळची, पण दोन्ही एकमेकांच्या जागी चालत नाहीत. काही चासी दोन्ही घेतात, पण तेही कंपनीने तसं स्पष्ट लिहिलं असेल तरच. टिक्का, साको, सीझेड या कंपन्यांची आपापली वेगळी मॅगझिनं आहेत. टिक्काच्या नेहमीच्या टी३एक्सचं आणि त्याच घरातल्या सीटीआरचं मॅगझिन सुद्धा एकमेकांत बसत नाही. तेव्हा "टिक्काचं मॅगझिन हवंय" इतकं सांगून भागत नाही.

यात एक गंमत आहे. अ‍ॅक्युरसी इंटरनॅशनल स्थापन करणाऱ्यांपैकी एक होते माल्कम कूपर. १९८४ च्या लॉस एंजलिस आणि १९८८ च्या सेऊल ऑलिंपिकमध्ये त्यांनी तीन पोझिशन्सच्या ५० मीटर रायफल प्रकारात सुवर्णपदक जिंकलं. याच प्रकारात २०२४ मध्ये पॅरिसला आपल्या कोल्हापूरच्या स्वप्नील कुसळेने कांस्यपदक मिळवलं. त्या प्रकारात राउंड एकेक करून हाताने भरतात, मॅगझिनचा संबंधच येत नाही. म्हणजे जगभरच्या बोल्ट रायफलींच्या मॅगझिनचं माप ज्या कंपनीने ठरवलं, तिचा एक संस्थापक स्वतः मॅगझिन नसलेल्या खेळातला विजेता होता.

ही गोष्ट मी भाच्याला आवर्जून सांगतो, कारण ठाणे-नवी मुंबईत नव्याने सुरुवात करणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांच्या हातात .२२ असते आणि त्यांच्या डोळ्यांपुढे ऑलिंपिक असतं. तुमचा खेळ ऑलिंपिकच्या वळणाचा असेल तर मॅगझिनचा प्रश्न जवळजवळ निकालात निघतो. काही .२२ रायफलींसाठी मॅगझिनच्या जागी बसवायचा सिंगल शॉट अ‍ॅडॉप्टर मिळतो. तो म्हणजे एक सपाट तबकडी. त्यावर राउंड ठेवायचा, बोल्टने आत ढकलायचा. सीझेडच्या .२२ रायफलींना तो मिळतो. सरावासाठी तो घेणं दहाच्या मॅगझिनपेक्षा शहाणपणाचं आहे असं माझं मत आहे. एकेक राउंड भरताना हात आपोआप सावकाश चालतो.

.२२ चं मॅगझिन मोठ्या काडतुसांपेक्षा जास्त खोडकर असतं, आणि त्याचं कारण काडतुसाच्या बुडाला असलेली बाहेर आलेली कड. नावाच्या शेवटी इंग्रजी आर हे अक्षर असलेली जुनी काडतुसं आणि .२२ यांना ती असते. .२२ ची केस साधारण ५.७ मिलिमीटर जाडीची, बुडाची कड सुमारे ७.१ मिलिमीटर. म्हणजे कड सगळ्या बाजूंनी अर्ध्या मिलिमीटरहून थोडी जास्त बाहेर येते. दोन काडतुसं एकावर एक ठेवली की वरच्याची कड खालच्याच्या कडेच्या पुढे हवी. ती चुकून मागे राहिली तर वरचं काडतूस पुढे सरकताना खालच्याला ओढत नेतं आणि दोन्ही अडकतात. याला रिम लॉक म्हणतात. महाराष्ट्र पोलिसांच्या हातात आपण वर्षानुवर्षं पाहिलेली .३०३ रायफल याच कटकटीची. तिच्या काडतुसाचं बूड १३.७ मिलिमीटर, त्याच्या पुढचा भाग ११.७. तिचं दहा राउंडचं मॅगझिन काढता येतं, पण जवान ते काढून बदलत नव्हते, पाच-पाच राउंडच्या पट्टीने वरूनच भरत होते. पट्टीत कडा कशा क्रमाने लावायच्या हेही शिकवलं जायचं. पुढे १९६० च्या दशकात बंगालमधल्या इशापूरच्या कारखान्याने हीच रायफल ७.६२ मिलिमीटरच्या बिनकडेच्या काडतुसासाठी बनवली, तेव्हा मॅगझिन नवीन घडवावं लागलं. ते जास्त चौकोनी होतं आणि त्यात बारा राउंड बसत. काडतूस बदललं की डबा बदलतो, हे इथे डोळ्यांनी दिसतं.

.२२ च्या मॅगझिनची बनावट बरीचशी या एका कडेला चुकवण्यासाठी असते. सरळ डब्यांचे बरेच प्रकार किंचित तिरके असतात, म्हणजे प्रत्येक राउंड खालच्याच्या जरा पुढे बसतो. १९६४ च्या रुगर १०/२२ ने वेगळा मार्ग काढला. त्याचं मॅगझिन गोल फिरणारं आहे. प्रत्येक राउंड आपल्या स्वतंत्र खाचेत बसतो, त्यामुळे कड कडेला लागतच नाही. रुगरच्याच बोल्ट-अ‍ॅक्शन .२२ रायफलींमध्ये हे मॅगझिन वापरतात. कडेच्या काडतुसासाठी यापेक्षा समाधानकारक उपाय माझ्या माहितीत नाही.

.२२ मध्ये आणखी एक गोष्ट नजरेने बघायची. त्याची गोळी मऊ शिशाची असते आणि तिला बाहेरून मेणाचा पातळ थर असतो. मॅगझिनमधून एक डमी (दारू नसलेला) किंवा खरा राउंड सावकाश चेंबरमध्ये भरा, बोल्ट बंद करा, आणि न झाडता बोल्ट उघडून तो बाहेर काढा. हे रेंजवरच, रायफल निशाण्याच्या दिशेने ठेवून. मग राउंड उजेडात फिरवून बघा. गोळीच्या नाकाच्या एका बाजूला चकाकणारा सपाट ओरखडा दिसला तर मॅगझिन तिला वाकडी देत आहे आणि चेंबरची कड शिसं तासत आहे. दहा राउंड काढून बघितले आणि सगळ्यांवर त्याच जागी तोच हलका ओरखडा असला तर मला फारशी चिंता वाटत नाही. एकदा डावीकडे, एकदा वर, एकदा खोलवर असा ओरखडा दिसला तर ते मॅगझिन सरावाला ठेवा, स्पर्धेला नेऊ नका. गोळीचं नाक थोडं चेपलं तर ५० मीटरवर काय फरक पडतो, असं म्हणणारे भेटतील. गोळीचं वजन एका बाजूला झुकलं तर पडतो.

मोठ्या काडतुसात हीच तपासणी पितळेवर होते. डमी राउंड दोन-चार वेळा भरून काढला की केसच्या अंगावर लिप्सच्या दोन समांतर रेषा उमटतात. त्या बारीक आणि सरळ असल्या तर ठीक. एक रेष खोल आणि दुसरी जवळजवळ दिसतच नसेल तर एक लिप वाकलेला आहे किंवा त्याच्या कडेला धातूची बारीक धार राहिली आहे. नवीन मॅगझिनवरची अशी धार कधीकधी बोटाच्या नखाने सुद्धा जाणवते. ते मॅगझिन दुकानदाराला परत करायचं. लिप्स पकडीने वाकवून बसवायच्या फंदात मी पडत नाही आणि कुणाला तसा सल्लाही देणार नाही. एकदा वाकवलेला धातू पुन्हा थोडा मागे जातो, आणि तो किती मागे गेला ते तुम्हाला स्पर्धेच्या दिवशी कळतं.

तिसरा प्रश्न बसण्याचा. मॅगझिन रायफलमध्ये ज्या खुंटीवर अडकतं तिला कॅच म्हणतात. कॅच किंचित खाली असला तर सगळी थप्पी खाली आणि बोल्ट वरून घसरणार. म्हणून मॅगझिन तपासताना सुटं मॅगझिन बघून काही कळत नाही, ते तुमच्याच रायफलमध्ये बसवून बघायला हवं. बसवल्यावर खाली ओढा, पुढे-मागे हलवा. थोडं हललं तरी चालेल, पण हलवताना ते वर-खाली होत असेल तर नको. मग मॅगझिन डमी राउंडने पूर्ण भरा, बोल्ट बंद ठेवा आणि तसंच खालून बसवा. बंद बोल्टचं पोट वरच्या राउंडला खाली दाबतं. त्यासाठी थप्पीत जरा जागा उरायला हवी. ती नसली तर मॅगझिन अडकणारच नाही, किंवा अडकलंय असं वाटेल आणि पहिल्या हिसक्याला निसटून पायाशी पडेल. ही तपासणी न करता मॅगझिन घेणारे बरेच असतात, आणि मग "पूर्ण भरलं की बसत नाही, एक राउंड कमी भरावा लागतो" असं सांगतात. तो एक राउंड कमी भरण्यात गैर काही नाही, फक्त ते आधी माहीत हवं.

परदेशातल्या अडथळ्यांवरून नेम साधायच्या स्पर्धांमध्ये, उदाहरणार्थ २०१२ पासून चालणाऱ्या प्रिसिजन रायफल सिरीजमध्ये, नेमबाज मॅगझिनच्या पुढच्या भिंतीलाच लाकडी अडथळ्याला टेकवून रायफल ढकलून धरतात. त्या दाबाने मॅगझिन मागे सरकतं आणि कोन बदलतो. ज्यांना असं नेम साधायचं असतं ते घट्ट बसणारं मॅगझिन शोधतात किंवा मॅगवेलला (मॅगझिन शिरायच्या खाचेला) आधाराचा भाग बसवतात. वरळीच्या रेंजवर पोटावर पडून निशाणा धरणाऱ्याला यातलं काहीही लागत नाही.

फॉलोअरचंही एक बघायचं. काही मॅगझिनमध्ये राउंड संपले की फॉलोअर बोल्टच्या आड येतो आणि बोल्ट पुढे जात नाही. रिकाम्या चेंबरवर बोल्ट बंद होऊन फुकट ट्रिगर ओढला जाऊ नये, हा त्याचा फायदा. पण आपल्यातले बरेच जण घरी, फ्लॅटमध्ये, भिंतीवरच्या ठिपक्याकडे बघून ड्राय प्रॅक्टिस (राउंड न भरता सराव) करतात, तेव्हा हाच फॉलोअर दर वेळी आड येतो. मग मॅगझिन काढून ठेवून सराव करायचा, आणि तसंही घरातल्या सरावाच्या वेळी मॅगझिन दुसऱ्या खोलीत, राउंड कुलपात असलेलेच बरे.

धातू की प्लास्टिक, या वादात लोक खूप वेळ घालवतात. मला तो तितका महत्त्वाचा वाटत नाही. पोलादी डब्याच्या भिंती पातळ असतात, त्यामुळे आत जागा जास्त, आणि लिप्सचं माप टिकून राहतं. पडला तर चेपतो. प्लास्टिकच्या भिंती जाड, वजन कमी, किंमत कमी, आणि पडलं तर बहुतेक वेळा तसंच्या तसं राहतं. आपल्या हवेचा विचार केला तर प्लास्टिकचं पारडं थोडं जड होतं. जून ते सप्टेंबर ठाण्यात काय दमट असतं ते सांगायला नको. कपाटातले पट्टे बुरशी धरतात, तिथे पोलादी मॅगझिनच्या कोपऱ्यांना तांबूस डाग पडायला वेळ लागत नाही. पण प्लास्टिकच्या मॅगझिनची स्प्रिंग पोलादाचीच असते हे विसरू नका. पावसाळ्यात बेसप्लेट सरकवून स्प्रिंग काढायची, कोरड्या फडक्याने पुसायची, तेलाचं बोट फडक्याला लावून एकदा फिरवायचं आणि पुन्हा कोरडं पुसायचं. तेल आत साठवलं तर त्यावर धूळ आणि न जळलेल्या दारूचे कण चिकटून काळा लगदा होतो. .२२ मध्ये तर मेण आधीच असतं. उन्हात उभ्या गाडीच्या डिकीत राउंड ठेवले तर ते मेण मऊ होतं आणि मॅगझिनच्या लिप्सना लागून राहतं.

स्प्रिंगबद्दलचा एक गैरसमज सगळीकडे आहे, की भरून ठेवलेलं मॅगझिन स्प्रिंग मारतं. स्प्रिंग दमते ती मुख्यतः वारंवार दबण्या-सुटण्याने. नुसतं दाबून ठेवल्याने चांगल्या स्प्रिंगला फारसं काही होत नाही. तरीही घरी मॅगझिन रिकामंच ठेवायचं, ते स्प्रिंगसाठी नव्हे, घरातल्या माणसांसाठी.

आता आकडा. पाचचं मॅगझिन रायफलच्या पोटाला जवळजवळ लागून राहतं. दहाचं, विशेषतः मधून देणारं एआयसीएस पद्धतीचं .३०८ चं, खाली बरंच लोंबतं. पोटावर पडून, बायपॉड (पुढचा दोन पायांचा आधार) खाली करून नेम धरायचा असेल तर ते जमिनीला टेकतं, आणि मग रायफल बायपॉडवर न राहता मॅगझिनवर राहते. मागची बॅग वर-खाली करतानाही ते आड येतं. ज्या स्पर्धेत ठरलेल्या वेळात दहा बार करायचे, तिथे दहाचंच हवं. बायॅथलॉनमध्ये (बर्फावरचं स्कीइंग आणि नेमबाजी यांची शर्यत) प्रत्येक थांब्याला पाच निशाणं, म्हणून तिथल्या .२२ रायफलींना पाच राउंडची मॅगझिनं असतात आणि ती रायफलच्याच अंगावर ओळीने अडकवलेली असतात. म्हणजे आकडा खेळ ठरवतो. भाच्याचा खेळ अजून ठरलेला नाही, म्हणून मी त्याला पाचचं आणि जमलं तर सिंगल शॉट अ‍ॅडॉप्टर सांगितलं. तो नाराज आहे, पण ऐकतो.

राहिला कायदा, आणि इथे जरा स्पष्ट बोललेलं बरं. १९५९ च्या शस्त्र कायद्याच्या व्याख्येत शस्त्राचे सुटे भागही येतात. मॅगझिन हा काही मोबाइलचा कव्हर नव्हे. परदेशी संकेतस्थळावरून मागवलं आणि पार्सल घरी आलं, असं होत नाही. ते सीमाशुल्कात अडकतं आणि मग खुलासे द्यावे लागतात. खरेदी परवानाधारक विक्रेत्याकडून, तुमच्या परवान्यावर असलेल्याच रायफलसाठी, पावतीसह. .३०३ आणि ७.६२ ही लष्करी मापं सामान्य परवान्यावर मिळत नाहीत, त्यामुळे तुमची रायफल कोणत्या मापात बसते हे परवाना देणाऱ्या कार्यालयाकडूनच लेखी विचारा. ठाणे शहरात परवान्याचा अधिकार ठाणे पोलिस आयुक्तांकडे, वाशी-नेरूळ-पनवेलच्या बाजूला नवी मुंबई आयुक्तालयाकडे, आणि ठाण्याच्या ग्रामीण भागात जिल्हाधिकाऱ्यांकडे. पत्ता बदलून ठाण्यातून खारघरला गेलात तर कार्यालयही बदलतं, हे लक्षात असू द्या.

आणखी एक ऐकू येतं, ते म्हणजे "वागळे इस्टेटमध्ये माझ्या ओळखीचा सीएनसीवाला (संगणकावर चालणाऱ्या यंत्रावर धातूचे भाग कापणारा) आहे, तो असं मॅगझिन दोन दिवसांत काढून देईल." काढून देईलही. रबाळ्यातलाही देईल. त्यांच्या हातात ते कसब आहे यात शंका नाही. पण शस्त्राचा भाग परवान्याशिवाय बनवणं हा गुन्हा आहे, बनवणाऱ्याचाही आणि बनवून घेणाऱ्याचाही. शिवाय लिप्सचं उष्णता-संस्करण नीट झालं नाही तर ते मॅगझिन महिन्याभरात फाकेल, म्हणजे गुन्हाही आणि राउंडही अडकलेला.

नवीन मॅगझिन घरी आल्यावर मी एक करतो. बेसप्लेटवर पांढऱ्या रंगाच्या पेनाने एक-दोन-तीन असे आकडे टाकतो आणि रेंजवर राउंड अडकला की तो कोणत्या नंबरच्या मॅगझिनमधून आला ते वहीत लिहितो. राउंड अडकण्याचा दोष रायफलला देणं सोपं असतं. वहीत तोच नंबर तीनदा दिसला की कुणाचा दोष आहे ते कळतं, आणि ते मॅगझिन त्या दिवशीच पिशवीतून बाहेर पडतं.